चंद्रावरची बाटली

परवा संध्याकाळी लाईट गेली. टीव्ही बंद, मोबाईलची बॅटरी संपलेली. मग काय, धाकटीनं हट्टच धरला, "आई, पंखवाल्या घोड्याची गोष्ट सांग ना!" मला कॉलेजात वाचलेली एक इटालियन गोष्ट आठवली. फेरारा शहरातल्या लुदोव्हिको आरिओस्तो या कवीनं ती ‘ओर्लांदो फुरिओसो’ या काव्यात लिहिली. ते पहिल्यांदा छापलं गेलं १५१६ साली.

शार्लमेन राजाच्या पदरी धर्मासाठी लढणारे शूर सरदार होते. त्यात सगळ्यांत पराक्रमी ओर्लांदो. पण त्याचं जिच्यावर प्रेम, त्या अँजेलिकानं एका साध्या शिपायाशी लग्न केलं. ते कळलं आणि ओर्लांदोचं डोकंच फिरलं. चिलखत फेकलं, कपडे फाडले, झाडं उपटत तो रानोमाळ हिंडू लागला.

त्याचा सोबती आस्तोल्फो. त्याच्याकडे हिप्पोग्रिफ होता, म्हणजे पुढून गरुड आणि मागून घोडा! त्यावर बसून तो उंच डोंगरावरच्या स्वर्गात पोहोचला. तिथं संत जॉन भेटले. त्यांनी त्याला अग्निरथातून थेट चंद्रावर नेलं. पृथ्वीवर जे जे हरवतं ते सगळं म्हणे तिथं जमा होतं. प्रेमिकांचे अश्रू, वाया गेलेला वेळ आणि माणसांची हरवलेली अक्कल, बाटल्यांत भरून, वर नावं लिहून! ओर्लांदोची बाटली सगळ्यांत मोठी. आस्तोल्फोनं ती आणली. मित्रांनी ओर्लांदोला धरून बांधलं, बाटली नाकाशी लावली आणि तो शुद्धीवर आला.

लेक एकदम म्हणाली, "आई, तो वेडा झाला तरी त्याला कुणी टाकलं नाही?"

मैत्रिणींनो, मी गप्पच झाले. आमच्या मागच्या गल्लीतली एक सून बाळंतपणानंतर अबोल झाली. जेवेना, बाळाला जवळ घेईना. ‘वेडी’ म्हणून सासरच्यांनी माहेरी आणून सोडली. कुणी बाहेरची बाधा म्हणालं, कुणी नाटकं. समाजकार्य करणारी मी, पण मीसुद्धा तिला बघून रस्ता बदलला होता. तिची वहिनी मात्र दर महिन्याला एसटीनं तिला जिल्ह्याच्या दवाखान्यात नेत राहिली. गोळ्या चुकू दिल्या नाहीत. आज ती बचत गटात शेवया करते, बाळाला शाळेत सोडते.

वहिनीकडे ना पंखांचा घोडा, ना रथ. होतं ते फक्त एसटीचं तिकीट आणि चिकाटी. आता तर ‘टेली मानस’च्या १४४१६ या नंबरावर २०२२ पासून घरबसल्या मोफत सल्लाही मिळतो.

गोष्टीतला एक भाग लेकीला सांगायचा राहिला. चंद्रावर आस्तोल्फोला स्वतःच्या नावाचीही बाटली सापडली होती. आपण शहाणे, असंच त्याला तोवर वाटत होतं. पुढच्या वेळी कुणाला ‘वेडी’ म्हणताना जरा थांबू या. तिथं आपल्याही नावाची एखादी बाटली असेल.