पाते आणि त्याची जागा

अमेरिकेतल्या हिमयुगीन शिकाऱ्यांची दगडी पाती संग्रहालयांच्या कपाटांत देखणी दिसतात. पण इतिहास घडवला तो त्यांच्या जागांनी.

१९०८च्या ढगफुटीत न्यू मेक्सिकोतल्या फॉल्समजवळचा ओहोळ खोल कापला गेला आणि काठात हाडे उघडी पडली. जॉर्ज मॅकजंकिन या गुराख्याच्या ती नजरेस आली. टेक्ससमध्ये गुलामीत जन्मलेला हा माणूस स्वतःच्या हिमतीवर लिहा-वाचायला शिकला होता. हाडे नेहमीच्या बायसनची नव्हेत, हे त्याने ताडले आणि लोकांना सांगितले. १९२२ साली तो वारला, तोवर एकही संशोधक तिकडे फिरकला नव्हता.

१९२६ साली डेन्वरच्या संग्रहालयाने तिथे खोदकाम सुरू केले. पाती मिळाली, पण सुटी; त्यांचा हाडांशी संबंध सिद्ध होईना. हिमयुगात अमेरिकेत माणूस होता, हे तेव्हाचे बडे अभ्यासक मानायला तयार नव्हते. १९२७च्या ऑगस्टअखेर नामशेष बायसनच्या बरगड्यांमध्ये एक पाते दिसले. संग्रहालयाचे संचालक जेसी फिगिन्स यांनी ते जागचे हलू दिले नाही. तारा धाडून तज्ज्ञांना बोलावले. बार्नम ब्राउन, फ्रँक रॉबर्ट्स आणि ए. व्ही. किडर यांनी ते मातीत रुतलेले पाहिले आणि अनेक दशकांचा वाद निकाली निघाला.

फॉल्सम पाते पातळ, दोन्ही अंगांना जवळजवळ टोकापर्यंत पन्हळ असलेले. ही पन्हळ बुडाकडून लांबलचक छिलका उडवून काढत. नेम जरा चुकला की तयार होत आलेले पाते मोडे. कोलोरॅडोतल्या लिंडेनमायर तळावर असे छिलके आणि मोडकी पाती सापडली.

याहून जुने क्लोव्हिस पाते मोठे आणि जाड, पन्हळ बुडापाशीच थांबणारी. न्यू मेक्सिकोतच, ब्लॅकवॉटर ड्रॉ इथे १९३०च्या दशकात वरच्या थरात फॉल्सम पाती नि बायसन, तर खालच्या थरात क्लोव्हिस पाती नि मॅमथ मिळाले. आधी कोण, नंतर कोण, हे थरांनीच सांगितले. रेडिओकार्बन पद्धतीने पुढे क्लोव्हिसचा काळ सुमारे १३,००० वर्षांपूर्वीचा ठरला.

ॲरिझोनातल्या नाको इथे एकाच मॅमथच्या हाडांत आठ क्लोव्हिस पाती निघाली. तो जखमी होऊनही निसटला आणि दूर जाऊन मेला असावा, असा अर्थ अभ्यासकांनी लावला. हीच आठ पाती सुटी मिळती, तर त्यांतून कोणतीही शिकार उभी राहिली नसती.

मोंटानातल्या ॲन्झिक इथे १९६८ साली बांधकामासाठी माती काढताना क्लोव्हिस काळातल्या एका लहान मुलाचे दफन उघडे पडले. सोबत शंभराहून अधिक हत्यारे होती, गेरूने माखलेली. हत्यारे आधीच उपसली गेल्याने ती मुलाशेजारी कशी मांडली होती, हे कायमचे हरवले. २०१४ साली त्याचा जनुकसंच प्रसिद्ध झाला. आजच्या मूलनिवासी अमेरिकनांशी त्याचे थेट नाते दिसले आणि त्याच वर्षी त्या समाजांच्या विधींसह त्याचे पुन्हा दफन झाले.

अमेरिकेत क्लोव्हिस लोकच पहिले, हे मतही जागांनीच मोडले. चिलीतले माँटे व्हर्दे सुमारे १४,५०० वर्षे जुने मानले गेले. न्यू मेक्सिकोतल्या व्हाइट सँड्सच्या पाऊलखुणा २१,००० ते २३,००० वर्षांच्या असल्याचे संशोधकांनी मांडले.

तरीही नांगरटीत किंवा नदीकाठी मिळालेली पाती आजही खिशात जातात, विकली जातात. अमेरिकेच्या १९७९च्या कायद्याने संघराज्याच्या आणि मूलनिवासींच्या जमिनींवर परवान्याविना खोदकामाला मनाई आहे. खासगी जमिनीवर मात्र बरेचसे मालकाच्या समजुतीवर. पाते दिसले तर त्याला हात न लावता फोटो काढावा, जागा नोंदवावी आणि जाणकाराला कळवावे. विकत घेतलेले पाते फार तर कारागिरी दाखवते. कोणी, कशाची, कधी शिकार केली, हे सांगण्याची ताकद भोवतालच्या मातीत आहे, आणि ती एकदा विस्कटली की कोणत्याही प्रयोगशाळेला परत जुळवता येत नाही.