टेस्ट पडली? आधी लायब्ररी बघा

कळमन्याच्या बाजारात प्रत्येक अडत्या ट्रक तोलायला स्वतःचा धर्मकाटा बांधत नाही. शेअर्ड लायब्ररी म्हणजे असाच सामाईक काटा: लिनक्सवर ‘एसओ’ फाइल, विंडोजवर ‘डीएलएल’. काटा बदलला की सगळ्यांचंच वजन बदलतं.

समजा, पायटेस्ट एकही टेस्ट न चालवता थांबलं आणि म्हणालं, ‘जीएलआयबीसीएक्सएक्स ३.४.२९ नॉट फाउंड’. लगेच आपला कोड उकरत बसू नका. फाइल गायब नाहीये, सापडली ती जुनी आहे! ही आवृत्ती २०२१ मध्ये जीसीसी ११ सोबत आली, उबुंटू २०.०४ ची मूळ लायब्ररी ३.४.२८ वरच थांबते.

अडलेल्या मॉड्यूलच्या एसओ फाइलवर ‘एलडीडी’ कमांड चालवा. कुठली लायब्ररी कुठल्या फोल्डरमधून येते, ते ओळीने दिसतं. (अनोळखी फाइलवर नको, तिच्यातला कोड चालू शकतो.) कॉन्डात नवी लायब्ररी असूनही सिस्टीमची जुनी आधी लोड झाली, तर त्या प्रोसेसमध्ये पुढे तीच वापरली जाते. म्हणून ‘एलडी लायब्ररी पाथ’मध्ये काय पडलंय तेही तपासा. नेटवरून सुटी डीएलएल आणून चिकटवणं तर नकोच. एन्व्हायर्नमेंट नव्याने बांधा.

आणि टेस्ट पास होऊनही लॅबमधल्या दोन मशीनवर शेवटचे दशांश वेगळे आले, तर एकीकडे ओपनब्लास आणि दुसरीकडे एमकेएल आहे का बघा. थिसिसमधला तक्ता त्या आकड्यांवरच उभा असतो.