लिहायचं एक, म्हणायचं दुसरं: बंदरावरची इंग्रजी

1885 पासून जहाजं लागणाऱ्या मुरगाव बंदरात काही इंग्रजी शब्द अक्षरांप्रमाणे वाचले की हमखास चुकतात. डेकवरच्या खलाशांचा मुकादम लिहिताना ‘बोट्स्वेन’, पण हाक मारताना ‘बोसन’. तसाच होडीचं सुकाणू धरणारा ‘कॉक्सन’. जहाजाचा नाळेकडचा भाग ‘फोक्सल’. स्पेलिंगमध्ये अख्खा ‘कॅसल’ आहे, कारण जुन्या लढाऊ जहाजांवर तिथे खरोखरच गढीसारखा उंच मंच असे. होडीचा वरचा काठ ‘गनल’. धक्का म्हणजे ‘की’, ‘क्वे’ नव्हे. माल चढवणारा-उतरवणारा ‘स्टीव्हडोर’ स्पॅनिशमधून इंग्रजीत आला. पोर्तुगीजमध्येही तो ‘इश्तिवादोर’च. ठरल्या मुदतीपलीकडे जहाज अडकवल्याचा आकार आपण ‘डेमरेज’ म्हणतो, शुद्ध उच्चार ‘डिमरिज’. जहाजावर नोकरीला निघालेल्या मुलांनी हे उच्चार आधीच पक्के करावेत.