कल्याणचा खजिना आणि कल्याणची सून

इ. स. १६५७ त शिवाजीमहाराजांनीं विजापूरकरांकडून कल्याण-भिवंडी जिंकून घेतली. या विजयाभोंवतीं गुंफलेल्या कथेवर कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीनें १९२४ सालीं ‘कल्याण खजिना’ हा मूकपट काढला. दिग्दर्शक बाबूराव पेंटर. पटाचें नांव खजिन्याचें. परंतु त्या कथेचा प्राण आहे तो लुटीबरोबर आणलेल्या सुभेदाराच्या सुनेस महाराजांनीं सन्मानानें परत धाडलें, या प्रसंगांत.

आख्यायिकेप्रमाणें ही सून नजर केली ती आबाजी सोनदेवानें. आबाजी कांहीं फितूर नव्हता. धन्यापुढें उत्तमांतलें उत्तम ठेवावें, एवढीच त्याची बुद्धि. आणि या निष्ठेच्या पोटींच अन्याय जन्मला! शत्रूस क्षमा करणें त्या मानानें सोपें. पण आपल्यासाठीं जिवावर उदार झालेल्या माणसास भर दरबारीं ‘हें चुकलें’ म्हणणें महाकठीण. धन्याच्या फायद्यासाठीं मापांत मारणारा मुनीम पेढ्यांवर नवा नाहीं. त्यास दटावणारे शेटजी किती, हें आमच्या व्यापारी वाचकांनींच सांगावें.

या कथेस समकालीन कागदांचा भक्कम आधार नाहीं, असें संशोधक म्हणतात. वकिलीच्या दृष्टीनें आम्हांसही तें मान्य आहे. पण स्त्रीशीं बदअंमल करणाऱ्या रांझ्याच्या पाटलाचे हातपाय तोडविल्याचें महाराजांचें १६४६ चें पत्र उपलब्ध आहे. तेव्हां कथा उपरी असली, तरी तिच्यांतील न्याय उपरा नव्हे.

ही गोष्ट आम्ही पूर्णा-भिवंडीकरांस मुद्दाम सांगतों, याला कारण आहे. १९७० च्या मे महिन्यांत याच भिवंडींत शिवजयंतीच्या मिरवणुकीच्या दिवशीं दंगल पेटली. माणसें मेलीं, घरें जळालीं. न्यायमूर्ति मादन यांच्या आयोगानें तिची चौकशी केली. दोष कोणाचा किती, तें त्या अहवालांत पाहावें. आमचा प्रश्न निराळा आहे. महाराजांच्या नांवानें त्या दिवशीं ज्यांनीं ज्यांनीं हात उगारला, त्यांस महाराजांनीं पाठ थोपटून जवळ घेतलें असतें, कीं आबाजीप्रमाणें खालीं पाहावयास लाविलें असतें?

पूर्णा गांवच्या गोदामांतून आज जो माल पडला आहे, त्यापुढें कल्याणचा जुना खजिना काय! त्यांतील चार पैसे खर्चून पुढल्या शिवजयंतीस या प्रसंगाचा एक चित्ररथ निघावा, अशी आमची सूचना आहे. सुनेची पालखी पुढें असावी, आणि आबाजीचें सोंग घेणाऱ्यानें सबंध वाटभर मान खालीं घालून उभें राहावें.