चिचुंद्री उंदीर नाही, मग आहे तरी कोण?

(या भागाचं लिखित रूप. बोलण्यातल्या अडखळण्या काढल्यात, बाकी बोललो तसंच ठेवलंय.)

आजचा भाग एका व्हॉइस मेसेजमुळे झाला. गेवराई तालुक्यातल्या एका श्रोत्याने विचारलंय, "घरात कापसाच्या ढिगामागून चिचुंद्री निघाली. आई म्हणते मारू नको, ती किडे खाते. वडील म्हणतात उंदीर तो उंदीर, सगळे सारखेच. खरं कोणाचं?"

थोडक्यात उत्तर: आईचं खरं. पण हा प्रश्न थोडक्यात सोडण्यासारखा नाही. कोणता प्राणी नेमका कोण, हा प्रश्न बीड जिल्ह्यात एकदा फार गंभीर झाला होता. तिकडे येऊच. आधी चिचुंद्रीचं बघू.

आधी दात बघा

प्राणी ओळखताना आपण आकार बघतो, रंग बघतो, शेपूट बघतो. शास्त्रज्ञ सस्तन प्राण्याचं आधी तोंड उघडतात. कारण आकार फसवतो, दात सहसा फसवत नाहीत.

उंदराला वर दोन आणि खाली दोन असे पटाशीसारखे दात असतात. ते आयुष्यभर वाढत राहतात. दाताच्या फक्त पुढच्या बाजूला कडक एनॅमल असतं, मागची बाजू मऊ. त्यामुळे कुरतडताना मागची बाजू लवकर झिजते आणि दाताला आपोआप धार लागते. सुळे नसतात. पटाशी आणि दाढा यांच्यामध्ये चक्क मोकळी जागा असते. हे सगळं ज्याच्या तोंडात सापडेल तो कृंतक, म्हणजे कुरतडणारा. घरातला उंदीर, शेतातली घूस, झाडावरची खार आणि अंगभर काटे मिरवणारं साळिंदर, हे सगळे या एकाच गणात येतात.

आता चिचुंद्री. तिच्या तोंडात पटाशी नाही, मोकळी जागाही नाही. बारीक टोकदार दातांची सलग रांग असते, किड्याचं कवच फोडायला. नाकाड लांब, डोळे अगदी बारीक, आणि तो कस्तुरीसारखा उग्र वास. धान्याचं पोतं कुरतडणं हे तिचं काम नव्हे, ती झुरळं आणि किडे शोधत भिंतीच्या कडेकडेने फिरते. पिल्लं जरा मोठी झाली की एकमेकांची शेपटीकडची बाजू तोंडात धरून आईच्या मागे रांगेत चालतात, आगगाडीच्या डब्यांसारखी. उंदराची पिल्लं असं करत नाहीत.

लिनिअसची गंमत

वर्गीकरणाची जी पद्धत आपण आज वापरतो ती स्वीडनच्या कार्ल लिनिअसची. 1758 साली त्याने 'सिस्टिमा नॅचुरे' या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तीत दूध पाजणाऱ्या प्राण्यांना 'मॅमॅलिया' हे नाव दिलं. म्हणजे आपले सस्तन प्राणी. मग वर्ग, त्यात गण, गणात प्रजाती, प्रजातीत जाती. कुल ही पायरी नंतर आली. पत्ता लिहितो तसंच समजा: राज्य, जिल्हा, तालुका, गाव. घरातल्या काळ्या उंदराचा पत्ता असा: वर्ग सस्तन, गण कृंतक, कुल म्युरिडी, प्रजाती रॅटस, जाती रॅटस रॅटस.

पण पहिल्या फटक्यात सगळं बरोबर आलं असं नाही, बरं का. लिनिअसने उंदीर, खार, साळिंदर आणि ससा एका गणात टाकले, आणि त्याच गणात गेंडाही टाकला! वटवाघळाला त्याने माणूस आणि माकडांच्या पंगतीत बसवलं. चिचुंद्री मात्र त्याने उंदरांपासून वेगळी ठेवली होती. तरीही तिचं नाव ठेवताना 'म्युरिनस', म्हणजे उंदरासारखी, असंच ठेवलं. आजही तिचं शास्त्रीय नाव सुंकस म्युरिनस आहे. वडिलांची जी चूक, तिची सावली त्या नावातसुद्धा आहे!

सशाचं प्रकरण जास्त काळ लांबलं. ससाही कुरतडतो, त्यालाही पटाशी आहे. पण त्याच्या वरच्या पटाशीच्या मागे आणखी एक छोटी जोडी लपलेली असते. अशा खुणांवरून विसाव्या शतकात सशांचा वेगळा गण मान्य झाला. ससा हा उंदराचा चुलतभाऊ, सख्खा नव्हे.

गेल्या तीस-एक वर्षांत डीएनएची तुलना सुरू झाली आणि जुने बरेच घोळ निस्तरले. निष्कर्ष ऐका: सस्तन प्राण्यांच्या एका मोठ्या शाखेवर उंदीर, ससा, माकड आणि आपण. दुसऱ्या शाखेवर चिचुंद्री, वटवाघूळ, कुत्रा, घोडा आणि गाय. म्हणजे चिचुंद्री ही उंदरापेक्षा तुमच्या गोठ्यातल्या गाईच्या जवळची. आणि उंदीर? तो चिचुंद्रीपेक्षा तुमच्या-माझ्या जवळचा. पटायला जड जातं, पण असंच आहे.

शेतातले 'उंदीर' किती?

आज जगात सस्तन प्राण्यांच्या साधारण साडेसहा हजार जाती मोजल्या जातात. त्यातले चाळीस टक्क्यांच्या आसपास एकटे कृंतक आहेत. मराठवाड्याच्या रानातही एकच उंदीर नसतो. घूस आहे, बिळात धान्य साठवणारी. इंग्रजीतला 'बँडिकूट' हा शब्द तेलुगूतल्या 'पंदिकोक्कु'वरून गेला, अर्थ डुक्कर-उंदीर. मऊ केसांचा शेतउंदीर आहे, छोटा रानउंदीर आहे. आणि एक जर्बिल: मोठे डोळे, मागचे पाय लांब, शेपटीच्या टोकाला केसांचा झुपका. त्याचं शास्त्रीय नाव टाटेरा इंडिका. बांधावर, पडीक रानात बिळं करून राहतो, रात्री बाहेर पडतो.

हे नाव लक्षात ठेवा. आता बीडची गोष्ट.

मामला, 1994

30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला. त्यानंतर वर्षभराच्या आत, ऑगस्ट 1994 मध्ये, बीड जिल्ह्यातल्या मामला गावात उंदीर मरून पडू लागले. पाठोपाठ पिसवांचा त्रास सुरू झाला. सप्टेंबरच्या मध्याला माणसांना ताप आणि जांघेत, काखेत गाठी. गाठीचा प्लेग! देशात 1966 नंतर माणसांमध्ये प्लेगची नोंद झालेली नव्हती. त्याच महिन्यात सुरतेत फुप्फुसाचा प्लेग उसळला आणि लोक शहर सोडून पळाले. हा खरंच प्लेग होता का, यावर तेव्हा बराच वाद झाला. रुग्णांच्या रक्तात प्लेगविरुद्धच्या अँटिबॉडी सापडल्या होत्या, आणि पुढे जंतूंच्या जनुकीय तपासणीनेही तो प्लेगच असल्याचं दाखवलं.

आता इथे वर्गीकरण कुठे आलं? सगळीकडे आलं. 'उंदरामुळे प्लेग होतो' हे वाक्य अर्धवट आहे. कोणत्या उंदरामुळे?

भारतात प्लेगचा जंतू वर्षानुवर्षं रानात टिकून राहतो तो मुख्यतः जर्बिलसारख्या रानकृंतकांमध्ये. जर्बिल बऱ्यापैकी तग धरतो, सगळेच्या सगळे मरत नाहीत, त्यामुळे जंतूचा वंश चालू राहतो. घरातला काळा उंदीर मात्र पटापट मरतो. रान आणि घर यांच्यातला पूल तो. रान आणि गाव यांच्यातली हद्द पुसली गेली, की जर्बिलच्या अंगावरची पिसू घरउंदरावर येते, आणि घरउंदीर मेला की ती पिसू माणसाकडे वळते. भूकंपानंतर लोकांनी सोडलेली घरं आणि त्यांत राहिलेलं धान्य यामुळे उंदरांची संख्या फुगली, असं कारण त्या वेळी मांडलं गेलं.

म्हणूनच प्लेगच्या तपासात सापळ्यात सापडलेल्या प्रत्येक प्राण्याची जात ओळखून लिहावी लागते. नुसतं 'उंदीर, पंधरा नग' असं लिहिलं, तर त्यात जर्बिल किती, घरउंदीर किती आणि चुकून अडकलेल्या चिचुंद्र्या किती, हे कधीच कळणार नाही. साथ रानात आहे की घरात शिरली, हेही कळणार नाही.

मग आपण काय करायचं?

एक: चिचुंद्री दिसली तर मारू नका. हाताळूही नका, चावते. दार उघडं ठेवा, जाईल.

दोन: गावात, घरात एकाएकी बरेच उंदीर मरून पडायला लागले, तर त्यांना हात लावू नका. प्राथमिक आरोग्य केंद्राला कळवा. आणि घाईने विष घालू नका. प्लेगच्या शंकेत आधी पिसवा मारायची पावडर, मग उंदीर. क्रम उलटा झाला तर मेलेल्या उंदरावरच्या पिसवा नवं अंग शोधत तुमच्याकडे येतील.

तीन: ताप आणि गाठ असेल तर अंगावर काढू नका. प्लेगवर साधी अँटिबायोटिक चालतात, पण वेळेत.

तर गेवराईच्या मित्रा, वडिलांना सांग की सगळे सारखे नाहीत. तुमची चिचुंद्री गाईच्या बाजूची आहे.

आणि मंडळी, एक काम तुमच्याकडे. झुपकेदार शेपटीच्या त्या रानउंदराला तुमच्या गावात काय म्हणतात? आजी-आजोबांना विचारा आणि आम्हाला कळवा. पुढच्या भागात ती नावं वाचून दाखवू. तोपर्यंत, राम राम.