प्लेअरमध्ये चॅनल नसतात

‘ॲप टाकलं की हजार चॅनल’ अशा समजुतीने लोक स्मार्ट टीव्हीवर आयपीटीव्ही, म्हणजे इंटरनेटवरून टीव्ही दाखवणारा, प्लेअर घेतात आणि रिकामा पडदा बघून चक्रावतात. काहींनी प्लेअरचे पैसेही मोजलेले असतात. ते पैसे सॉफ्टवेअरचे. त्यात एकही चॅनल येत नाही. आपण दिलेली प्लेलिस्ट वाचायची आणि चालवायची, एवढंच त्याचं काम. ते व्हीएलसी हा प्लेअरसुद्धा फुकटात करतो.

प्लेलिस्टमध्ये असतं काय? तिची एमथ्रीयू फाइल नोटपॅडमध्ये उघडून बघा, साधा मजकूर दिसेल. प्रत्येक चॅनलच्या दोन ओळी : वर नाव, गट, लोगोची लिंक, खाली प्रक्षेपण जिथून येतं तो पत्ता. वरच्या ओळीत बहुधा ‘उणे एक’ हा आकडा असतो. गाण्यांच्या यादीत तिथे गाण्याची लांबी सेकंदांत लिहितात. थेट प्रक्षेपणाला ठरलेली लांबी नसते, म्हणून उणे एक. फाइलमध्ये ना चित्र, ना आवाज.

म्हणून खरा प्रश्न यादी कुठून आली हा आहे. ‘पैसे भरले म्हणजे कायदेशीर’ हा समज सगळ्यात महागात पडतो. सगळे पे-चॅनल, सगळे सामने आणि नवे सिनेमे वर्षाला हजार-बाराशेत विकणाऱ्याकडे प्रक्षेपणाचे हक्क असतील, यावर मी तरी विश्वास ठेवणार नाही. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ६३ मध्ये जाणूनबुजून केलेल्या हक्कभंगाला सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंडाची तरतूद आहे. सप्टेंबर २०१९ मध्ये इटलीच्या तपासयंत्रणेने ‘एक्स्ट्रीम कोड्स’ ही अशा विक्रेत्यांची प्रणाली बंद पाडली, तेव्हा पैसे भरलेल्या कितीतरी ग्राहकांचे चॅनल एकदम गेले. व्हीपीएन लावून हक्क मिळत नाहीत. फक्त तुमचा पत्ता झाकला जातो. आणि विकत घेतलेली लिंक ग्रुपवर टाकण्याआधी नीट वाचा. तुमचं युजरनेम आणि पासवर्ड बऱ्याचदा त्या लिंकमध्येच उघडे लिहिलेले असतात.

उलट, इंटरनेटवरून टीव्ही बघणं म्हणजे चोरीच, हेही खरं नाही. प्रसार भारतीने नोव्हेंबर २०२४ मध्ये गोव्याच्या इफ्फी चित्रपट महोत्सवात ‘वेव्हज’ हे ॲप सुरू केलं. त्यावर दूरदर्शनच्या वाहिन्या थेट बघता येतात. अनेक वृत्तवाहिन्या स्वतःच यूट्यूबवर थेट असतात.

राहिलं चित्र मध्येच अडकणं. ‘प्लेअरच भिकार’ म्हणून लोक ॲप बदलत बसतात. ॲपलने २००९ मध्ये आणलेल्या एचएलएस पद्धतीत प्रक्षेपणाचे काही सेकंदांचे तुकडे होतात आणि प्लेअर ते एकामागून एक आणत राहतो. तुकडा उशिरा आला की चाक फिरतं. एकच चॅनल अडकत असेल तर दोष बहुतेक पलीकडच्या सर्व्हरचा. सगळेच अडकत असतील तर आधी टीव्हीला लॅन केबल जोडून बघा. डेटाचा हिशेबही ठेवा : ५ एमबीपीएसचं प्रक्षेपण तासाला सव्वादोन जीबी खातं.