अ‍ॅलन पेज

अ‍ॅलन सेड्रिक पेज (जन्म: ७ ऑगस्ट, १९४५, कॅन्टन, ओहायो) हे अमेरिकन फुटबॉलचे निवृत्त व्यावसायिक खेळाडू आणि मिनेसोटा राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाचे माजी न्यायमूर्ती आहेत. त्या न्यायालयावर निवडून आलेले ते पहिले आफ्रिकन-अमेरिकन न्यायमूर्ती होत.

प्रारंभिक जीवन

कॅन्टन हे नॅशनल फुटबॉल लीगचे (एनएफएल) जन्मस्थान. तेथे उभारल्या जात असलेल्या प्रो फुटबॉल हॉल ऑफ फेमच्या इमारतीच्या बांधकामावर पेज यांनी किशोरवयात मजुरी केली होती. पुढे त्यांनी नोत्र दाम विद्यापीठातून राज्यशास्त्राची पदवी घेतली. १९६६ साली राष्ट्रीय विजेता ठरलेल्या विद्यापीठाच्या संघाचे ते खेळाडू होते.

क्रीडा कारकीर्द

१९६७ मध्ये मिनेसोटा व्हायकिंग्ज संघाने त्यांची निवड केली. पेज डिफेन्सिव्ह टॅकल या जागी खेळत. प्रतिपक्षाची आघाडीची फळी भेदून चेंडू बाळगणाऱ्या खेळाडूला रोखणे, हे या जागेचे मुख्य काम. कार्ल एलर, जिम मार्शल व गॅरी लार्सन यांच्यासह त्यांची बचावफळी, गणवेशाच्या जांभळ्या रंगावरून, 'पर्पल पीपल ईटर्स' म्हणून ओळखली जाई. १९७१ मध्ये असोसिएटेड प्रेसने त्यांना लीगमधील सर्वांत मौल्यवान खेळाडू ठरविले. एरवी आक्रमक फळीतील खेळाडूंकडे जाणारा हा मान मिळविणारे ते पहिले बचावपटू होत. व्हायकिंग्ज संघ चार वेळा सुपर बोलच्या अंतिम सामन्यात पोहोचला. मात्र चारही वेळा तो पराभूत झाला.

खेळत असतानाच पेज यांनी मिनेसोटा विद्यापीठात कायद्याचे शिक्षण घेऊन १९७८ मध्ये पदवी संपादन केली. याच सुमारास ते लांब पल्ल्याचे धावू लागले आणि त्यांचे वजन घटले. ते संघाच्या प्रशिक्षकांना मान्य नव्हते. १९७८ च्या हंगामातच व्हायकिंग्जने त्यांना मुक्त केले. त्यानंतर १९८१ मधील निवृत्तीपर्यंत ते शिकागो बेअर्सकडून खेळले.

न्यायालयीन कारकीर्द

वकिली केल्यानंतर पेज यांनी राज्याच्या महाधिवक्ता कार्यालयात काम केले. मिनेसोटात न्यायमूर्तींची निवड मतदानाने होते. १९९२ मध्ये राज्यपालांनी एका विद्यमान न्यायमूर्तींची मुदत वाढविल्याने त्या जागेची निवडणूक टळली. पेज यांनी या निर्णयाला न्यायालयात आव्हान दिले. खटला खुद्द सर्वोच्च न्यायालयासंबंधी असल्याने तो बदली न्यायाधीशांपुढे चालला. निकाल पेज यांच्या बाजूने लागून निवडणूक झाली व तीत ते विजयी झाले. १९९३ पासून ते न्यायमूर्तिपदावर होते. १९९८, २००४ व २०१० मध्ये ते पुन्हा निवडून आले. सत्तराव्या वर्षी सक्तीच्या निवृत्तीच्या नियमानुसार ऑगस्ट २०१५ मध्ये ते पायउतार झाले.

शैक्षणिक कार्य

१९८८ मध्ये हॉल ऑफ फेममध्ये समावेश होताना आपला परिचय करून देण्यासाठी पेज यांनी प्रशिक्षक वा सहकारी खेळाडूऐवजी एका शाळेच्या मुख्याध्यापिकेची निवड केली. भाषणातही त्यांनी खेळापेक्षा शिक्षणावर भर दिला. त्याच वर्षी पेज एज्युकेशन फाउंडेशनची स्थापना झाली. ही संस्था मिनेसोटातील कृष्णवर्णीय व अन्य अल्पसंख्याक विद्यार्थ्यांना उच्च शिक्षणासाठी शिष्यवृत्ती देते. शिष्यवृत्तीधारकांनी लहान शाळकरी मुलांना शिकण्यात मदत करावी, अशी तिची अट आहे.

सन्मान

२०१७ मध्ये मिनियापोलिसमधील एका माध्यमिक शाळेला 'जस्टिस पेज' हे नाव देण्यात आले. २०१८ मध्ये त्यांना राष्ट्राध्यक्षीय स्वातंत्र्य पदक हा अमेरिकेचा सर्वोच्च नागरी सन्मान प्रदान करण्यात आला.